तिसरी फेरी

घड्याळ समोर घ्या. सेकंदकाट्याचं भिंतीवरचं असेल तर उत्तम, नाहीतर मोबाइलमधलं स्टॉपवॉच चालेल. ते सुरू करा आणि चार मिनिटं नुसते बसा. हा लेख बाजूला ठेवा, तो कुठे पळून जात नाही.

बसून झालं? मग आता आठवून पाहा, एकेक मिनिट कसं गेलं. पहिलं बहुधा नवलाईत गेलं असेल. दुसऱ्यात डोक्यात काहीबाही येऊ लागलं, तरी तेही गेलं. तिसरं मात्र जाता जात नाही. काटा अडकलाय की काय असं वाटतं. नवलाई संपलेली असते आणि शेवट अजून नजरेच्या टप्प्यात आलेला नसतो. चौथ्यात ‘आता संपेलच’ एवढा आधार मिळतो आणि ते आपसूक सरतं.

तुम्ही बसून होता. आता एवढ्याच वेळात कुणीतरी एक मैल धावतो आहे असं मनात आणा. मैल म्हणजे १६०९ मीटर, चारशे मीटरच्या ट्रॅकवर चार फेऱ्या आणि वर नऊ मीटर. याला मध्यम पल्ला म्हणतात. शंभर मीटरसारखा श्वास रोखून काढता येत नाही, आणि मॅरेथॉनसारखा जिवाला सांभाळून, गप्पा मारत सुरू करता येत नाही. पहिल्या पावलापासून तो झोंबतो आणि तरी दम पुरवून वापरावा लागतो. या पल्ल्यातल्या विक्रमांचं मर्म चारांपैकी तिसऱ्या फेरीत आहे असं माझं मत आहे. आज आपण घाई न करता तिथेच रेंगाळू या.

पहिल्यांदा ऑक्सफर्डला जाऊ. ६ मे १९५४, इफ्ली रोडचं मैदान, संध्याकाळी सहाची शर्यत. रॉजर बॅनिस्टर तेव्हा पंचवीस वर्षांचा, लंडनच्या सेंट मेरीज हॉस्पिटलमधला वैद्यकीय विद्यार्थी. त्या दिवशी सकाळी तो नेहमीसारखा हॉस्पिटलात गेला आणि प्रयोगशाळेतल्या धार लावायच्या दगडावर बुटांचे खिळे घासत बसला. खिळे अणकुचीदार झाल्यावर त्यांवर ग्रॅफाइट चोळलं. ट्रॅक कोळशाच्या राखेचा होता. ओली राख खिळ्यांना चिकटली की बूट जड होतो, थोडासाच, पण प्रत्येक पावलाला. एका मैलात पावलं किती पडत असतील याचा अंदाज करा. वजनाचे काही कण आणि काही शे पावलं. हा हिशेब ज्याच्या डोक्यात सकाळी पक्का आहे, त्याने शर्यत तिथेच सुरू केलेली असते.

दिवसभर वारा होता. मैदानाशेजारच्या चर्चच्या मनोऱ्यावरचं निशाण फडफडत होतं, आणि बॅनिस्टरचं ‘आज नकोच’ असं चाललं होतं. शर्यतीच्या जरा आधी निशाण मलूल झालं. धावायचं ठरलं.

पुढची हकिकत इतक्यांदा सांगून झाली आहे की ती मी सांगत नाही. फक्त चार आकडे देतो. तेव्हाचा ट्रॅक ४४० यार्डांचा होता, म्हणजे चार फेऱ्या हा नेमका मैल. त्या चार फेऱ्यांना लागलेले सेकंद असे: ५७.५, ६०.७, ६२.३, ५८.९.

पुन्हा एकदा वाचा, सावकाश. बेरीज २३९.४, म्हणजे ३ मिनिटं ५९.४ सेकंद. चार मिनिटांच्या आत मैल धावलेला पहिला माणूस. जगाने बेरीज लक्षात ठेवली. आपण तिसऱ्या आकड्याकडे बघू. ६२.३. सगळ्यांत सुस्त फेरी. ती संपली तेव्हा घड्याळात तीन मिनिटं होऊन वर अर्धा सेकंद गेला होता. इतिहासातली सगळ्यांत गाजलेली धाव तीन-चतुर्थांश संपलेली असताना मागे पडत होती.

आता डोळे मिटा आणि त्या फेरीत शिरा. शरीरात काय चाललंय ते बघू.

स्नायूंत जो तयार साठा असतो, तो पहिल्या दहाएक सेकंदांतच खलास होतो. त्यानंतर शरीराला प्राणवायू हवा असतो, पण फुप्फुसं आणि हृदय काही बटण दाबल्यासारखी पूर्ण वेगात येत नाहीत. त्यांना वेग धरायला मिनिटभर तरी लागतं. तोवरची तूट शरीर उसनवारीने भागवतं. प्राणवायूशिवाय साखर जाळतं, आणि त्याची किंमत म्हणून स्नायूंत आम्लता वाढत जाते. पंधराशे मीटरच्या धावेत सुमारे चार-पंचमांश ऊर्जा प्राणवायूच्या जोरावर मिळते आणि उरलेली अशी उधारीवर. आठशे मीटरला उधारीचा वाटा आणखी मोठा, तिसऱ्या हिश्श्याच्या आसपास. दुसरी फेरी संपेपर्यंत हृदय आणि फुप्फुसं आपल्या कमाल मर्यादेला टेकलेली असतात. तिथून पुढे वर जायला जागा नाही, आणि मागची बाकी मात्र चढतच असते. मांड्या जड होतात. ढांग वीतभर आखूड होते. हे धावणाऱ्याला कळतही नाही. त्याला वाटतं आपण तेवढाच जोर लावतोय, आणि खरोखर लावतही असतो, किंबहुना जास्तच. तरी घड्याळ सांगतं, दीड सेकंद गेला.

तिसऱ्या फेरीचं अवघडपण हे असं. तिथे आळस कुणी करत नाही. वेग गळतो, आणि गळतोय हे आतून ऐकू येत नाही.

आता चौथा आकडा. ५८.९. तिसरीपेक्षा तीन सेकंदांहून अधिक जलद. इथे जरा थांबा, कारण यात काहीतरी खटकायला हवं. मधल्या साठ सेकंदांत आम्लता उतरली नव्हती, वाढली होती. फुप्फुसांना उसंत मिळाली नव्हती. मग ही फेरी जलद कशी गेली? शेवट दिसला म्हणून. तिसऱ्या फेरीत शरीर जे सांगत होतं, ‘आता याहून जास्त होणार नाही’, ते अगदी शब्दशः खरं नव्हतं. थोडी शिल्लक होती आणि शरीराने ती लपवून ठेवली होती. दक्षिण आफ्रिकेचे शरीरशास्त्रज्ञ टिम नोक्स यांचा यावर एक सिद्धान्त आहे. मेंदूच जणू कारभारी होऊन बसतो आणि हृदयाला इजा होऊ नये म्हणून आधीच हात आखडता घेतो. त्यावर शास्त्रज्ञांत अजून वाद आहेत आणि आपण ते सोडवायला बसलेलो नाही. पण मैलाची शेवटची फेरी बहुधा जलद जाते, हे तर कुठल्याही ट्रॅकवर कुणीही पाहावं.

मग विक्रम म्हणजे काय? वेग वाढवणं, असं आपण सहज म्हणतो. मला ते बरोबर वाटत नाही. विक्रम म्हणजे तिसऱ्या फेरीत कमी गळणं.

याला आठशे मीटरची साक्ष काढतो. तिथे दोनच फेऱ्या. ९ ऑगस्ट २०१२, लंडन ऑलिम्पिकची अंतिम शर्यत. केनियाचा डेव्हिड रुडिशा पहिल्या पावलापासून पुढे, वेग ठरवून द्यायला कुणी नाही, कुणाच्या पाठीचा आडोसा नाही. १ मिनिट ४०.९१ सेकंद, जागतिक विक्रम. पहिली फेरी ४९.२८ सेकंदांत, म्हणजे दुसरी ५१.६३ मध्ये. आठशे मीटरची इतिहासातली ती सर्वोत्तम धाव, आणि तिची दुसरी फेरी पहिलीपेक्षा दोन सेकंदांहून अधिक हळू. शेवटच्या शंभर मीटरलाही रुडिशा पुढेच होता. तरी त्याचाही वेग उतरत होता. त्या शर्यतीत आठवा, म्हणजे शेवटचा आलेला अँड्र्यू ओसागी १ मिनिट ४३.७७ मध्ये आला. ही वेळ आधीच्या तिन्ही ऑलिम्पिकमध्ये सुवर्णपदकाला पुरली असती. एक माणूस कमी गळला आणि मागच्या सात जणांनाही त्याने फार गळू दिलं नाही.

इथे आयुष्याची तिसरी फेरी, चाळिशी, पन्नाशी असलं काहीतरी म्हणायचा मोह होतो. तो आवरू या. ट्रॅकवरच्या माणसाला तिसऱ्या फेरीत आयुष्य सुचत नाही. त्याला समोरच्याची पाठ दिसते, आणि पाहायची असते तीच.

म्हणून आता त्या पाठीकडे वळू.

बॅनिस्टरपुढे दोन मित्र धावले होते, ख्रिस ब्रॅशर आणि ख्रिस चॅटवे. पहिल्या फेरीत बॅनिस्टर इतका ताजातवाना होता की ‘अजून जोरात!’ म्हणून तो मागून ओरडला. ब्रॅशरने वेग बदलला नाही. फेरी ५७.५ ची झाली होती, म्हणजे ओरडणाऱ्याचा अंदाज चुकला होता आणि पुढच्याचा बरोबर होता. अडीच फेऱ्या ब्रॅशरने ओढल्या. तिसऱ्या फेरीच्या मध्यावर, नेमक्या त्या गळतीच्या जागी, तो संपला आणि चॅटवे पुढे आला. शेवटच्या फेरीचा अर्ध्याहून अधिक भाग फक्त बॅनिस्टरचा.

यात फसवणूक आहे का, हा प्रश्न तेव्हाही होता. आदल्या वर्षीच्या जूनमध्ये लंडनजवळ मॉट्सपर पार्कला बॅनिस्टर ४ मिनिटं २ सेकंद धावला होता. त्या वेळी ब्रॅशर मुद्दाम रमतगमत धावत राहिला, एक आख्खी फेरी मागे राहिला, आणि बॅनिस्टर मागून आल्यावर ताज्या पायांनी त्याला पुढे घालून घेऊन गेला. ब्रिटिश अधिकाऱ्यांनी ही वेळ विक्रम म्हणून नोंदवायला नकार दिला. योग्य केलं असं माझं मत. पेसर म्हणून, म्हणजे दुसऱ्याला वेग ठरवून देण्यासाठी, धावायचं तर त्यानेही त्याच शर्यतीत, त्याच बंदुकीच्या आवाजावर सुरुवात करून दमलं पाहिजे. ऑक्सफर्डला ब्रॅशर दमला होता. पुढे १९५६ मध्ये तो मेलबर्नला स्टीपलचेसचं, म्हणजे अडथळे ओलांडत धावायच्या शर्यतीचं, ऑलिम्पिक सुवर्ण जिंकला आणि नंतर लंडन मॅरेथॉनच्या संस्थापकांपैकी एक झाला. कुणाच्या तरी पुढे धावल्याने माणूस लहान होत नाही, एवढं या निमित्ताने.

ज्याला अशी पाठ मिळाली नाही, तो जॉन लँडी. ऑस्ट्रेलियात तो बहुधा एकटाच धावायचा. बाकीचे मागे पडायचे आणि तो पुन्हापुन्हा ४ मिनिटं २ सेकंदांच्या आसपास येऊन अडायचा. दोन सेकंद. मैलाच्या वेगात ते तेरा-चौदा मीटर भरतात. बॅनिस्टरनंतर सहा-सात आठवड्यांनी, २१ जून १९५४ रोजी फिनलंडमधल्या तुर्कूला तो धावला आणि विक्रम थेट ३ मिनिटं ५८ वर आणून ठेवला. त्या दिवशी त्याच्या पाठीमागे कोण होतं? तोच ख्रिस चॅटवे. सात आठवड्यांच्या आत दोन जागतिक विक्रम, दोन वेगळे धावपटू, आणि दोन्हींत चॅटवे. मागे ऐकू येणारी पावलंसुद्धा पुढच्या पाठीइतकंच काम करतात.

प्रेरणादायी भाषणं करणारे एक गोष्ट नेहमी सांगतात. माणूस चार मिनिटांच्या आत मैल धावूच शकत नाही असं जग मानत होतं, बॅनिस्टरने भिंत पाडली आणि मग वर्षभरात डझनावारी लोक त्या खिंडारातून गेले. ही गोष्ट सोडून द्या. १९५४ संपलं तेव्हा चार मिनिटांच्या आत धावलेली माणसं दोनच होती, बॅनिस्टर आणि लँडी. पुढच्या मे महिन्यात लंडनला एकाच शर्यतीत आणखी तिघं आत आले, आणि त्यातला एक होता, हो, चॅटवे. भिंत मनात नव्हती. स्वीडनचा गुंडर हॅग १९४५ मध्येच ४ मिनिटं १.४ सेकंदांपर्यंत पोचला होता. पुढच्या दीड-दोन सेकंदांना नऊ वर्षं लागली, ती सरावाला, ट्रॅकला आणि सोबतीला लागली.

सरावाचं एक जवळून बघू. फ्रान्झ स्टांप्फ्ल या प्रशिक्षकाच्या सल्ल्याने बॅनिस्टर आणि मित्र ४४० यार्डांच्या दहा फेऱ्या मारत, मध्ये दोन-दोन मिनिटांची विश्रांती. सगळ्या दहा एकाच वेळेत बसल्या पाहिजेत, अशी अट. हिवाळ्यात सुरुवात केली ती सहासष्टच्या सुमारास. उतरत उतरत एकसष्टवर आले आणि तिथे गाडं रुतलं. आठवडे गेले, सेकंद हलेना. तेव्हा बॅनिस्टर आणि ब्रॅशर सगळं सोडून स्कॉटलंडला डोंगर चढायला निघून गेले. परत आले आणि एकोणसाठ लागले. यावर भाष्य करत नाही. फक्त हे लक्षात घ्या की दहांतली सातवी-आठवी फेरी ही रोजची तिसरी फेरीच असते. तिचा सराव वेगळा होत नाही, थकल्यावर तीच वेळ पुन्हा काढूनच होतो.

आता आपल्याकडे येऊ. २५ जुलै १९७६, मॉन्ट्रियल. आठशे मीटरची अंतिम शर्यत. सगळ्यांचे डोळे क्यूबाच्या आल्बेर्तो हुआन्तोरेनाकडे, उंचापुरा, खरं तर चारशेचा धावपटू. आणि त्याच रेषेवर राजस्थानातला, लष्करातला श्रीराम सिंग. प्रशिक्षक इलियास बाबर यांचा शिष्य. ऑलिम्पिकच्या अंतिम शर्यतीत भारतीय. आपण ‘पोचला हेच खूप’ म्हणायला मोकळे. श्रीरामला ते मान्य नसावं. तो सुटला तो थेट पुढे. पहिली फेरी त्याने एक्कावन्न सेकंदांच्या आत काढली, आणि त्या वेळी अंतिम शर्यतीतले बाकीचे सातही जण त्याच्या मागे होते.

हे चित्र इथेच धरून ठेवा. घंटा वाजते आहे, एक फेरी उरली आहे, आणि ऑलिम्पिकच्या अंतिम शर्यतीत सगळ्यांत पुढे, किंवा खांद्याला खांदा लावून पुढे, भारताचा धावपटू आहे.

मग तो मागे पडला. दुसऱ्या फेरीला त्याला पंचावन्नच्या आसपास सेकंद लागले. हुआन्तोरेनालाही दुसरी फेरी पहिलीपेक्षा हळूच गेली, पण कमी हळू. तो १ मिनिट ४३.५० मध्ये जिंकला, जागतिक विक्रम. श्रीरामच्या तेज सुरुवातीमुळेच हा विक्रम झाला, हे हुआन्तोरेनाने पुढे मोकळेपणाने मान्य केलं. श्रीराम सातवा आला, १ मिनिट ४५.७७.

सातवा. यादीत तो आकडा एवढाच दिसतो. आता त्या आकड्याला उलटून बघा. १ मिनिट ४५.७७ हा आशियाचा विक्रम होता आणि तो अठरा वर्षं टिकला. भारताचा राष्ट्रीय विक्रम म्हणून तो बेचाळीस वर्षं टिकला. २०१८ मध्ये गुवाहाटीला जिन्सन जॉन्सनने १ मिनिट ४५.६५ काढले, तेव्हा तो गेला, फक्त बारा शतांशांनी. १९७६ ते २०१८. या काळात ट्रॅक बदलले, बूट बदलले, आहार बदलला, परदेशी प्रशिक्षक आले. आणि एका भारतीयाची दुसऱ्याच्या विक्रमात खर्ची पडलेली धाव कुणाला मोडता येत नव्हती.

श्रीरामने ताकद राखून पहिली फेरी संथ काढली असती तर? कदाचित पाचवा आला असता. पण तो असा पुढे गेला नसता तर त्याचे स्वतःचे १:४५.७७ झाले असते का, हाही प्रश्न आहेच. दोन्ही मनात ठेवा आणि निवाडा करू नका. मी अजून केलेला नाही.

यानंतरची नावं भराभर. मोरोक्कोचा हिशाम अल गरूज, ७ जुलै १९९९, रोम, मैल ३ मिनिटं ४३.१३. बॅनिस्टर त्याच्या ऑक्सफर्डच्या वेगाने त्या शर्यतीत असता, तर अल गरूजने रेषा ओलांडली तेव्हा तो शंभर मीटरहून अधिक मागे असता. गंमत अशी की त्या रात्रीही अल गरूज एकटा नव्हता. केनियाचा नोआ न्गेनी शेवटपर्यंत त्याच्या टाचेला चिकटून आला आणि त्याने मैल ३:४३.४० मध्ये संपवला. अल गरूजचं नाव विक्रमात आहे. त्याला हळू होऊ न देणाऱ्याचं नाव जाणकारांनाच ठाऊक. पुढच्याच वर्षी सिडनी ऑलिम्पिकच्या पंधराशे मीटरला न्गेनीने त्याला हरवलं, तेवढी फेड झाली म्हणायची.

आणि फेथ किप्येगॉन. तिच्याकडे यायला हवं, कारण सोबतीचा प्रश्न तिने टोकाला नेला. २६ जून २०२५ रोजी पॅरिसच्या शार्लेटी स्टेडियमवर चार मिनिटांच्या आत मैल धावणारी पहिली स्त्री व्हायचा प्रयत्न तिने केला. वाऱ्याचा अडथळा कमी व्हावा म्हणून तेरा पेसर, काही पुढे, काही मागे, आखून दिलेल्या जागी. अंगावर खास शिवलेला पोशाख, पायात खास बनवलेले स्पाइक्स. बॅनिस्टरच्या धार लावायच्या दगडाचं हे आजचं रूप. वेळ आली ४ मिनिटं ६.४२ सेकंद. तिच्याच ४:०७.६४ या विक्रमापेक्षा सव्वा सेकंदाने चांगली, चार मिनिटांपासून मात्र चाळीसएक मीटर दूर. पुरुष पेसर असल्याने ही वेळ विक्रमात धरली जाणार नव्हतीच. पहिल्या तीन फेऱ्या साठ-एकसष्टच्या होत्या. तेरा जणांनी तिची तिसरी फेरी गळू दिली नाही, आणि मग देणं शेवटच्या फेरीत चुकवावं लागलं. सोबत गळती पुढे ढकलते. बुजवत नाही.

नऊच दिवसांनी, ५ जुलैला, अमेरिकेतल्या युजीनला, साध्या, नियमांत बसणाऱ्या स्त्रियांच्या शर्यतीत ती पंधराशे मीटर धावली, ३ मिनिटं ४८.६८. स्वतःचाच जागतिक विक्रम मोडला. पॅरिसच्या थाटामाटापेक्षा मला ही धाव मोठी वाटते.

बाईने मैल धावणं हीच एके काळी नोंद न घेण्याजोगी गोष्ट होती. बॅनिस्टरनंतर तेवीसच दिवसांनी, २९ मे १९५४ रोजी, बर्मिंगहॅमला डायेन लेदर पाच मिनिटांच्या आत मैल धावली, ४ मिनिटं ५९.६. जगातली पहिली स्त्री. आंतरराष्ट्रीय संघटना तेव्हा स्त्रियांच्या मैलाचे विक्रम अधिकृतपणे नोंदवतच नव्हती. १९६७ मध्ये नोंदवू लागली. ऑलिम्पिकमध्ये तर १९२८ नंतर स्त्रियांची आठशे मीटरची शर्यतच बंद होती, ती १९६० मध्ये परत आली. लेदरची तिसरी फेरी किती सेकंदांची होती, हे विचारणारेही फार कमी.

आपल्या मराठी मुलखात पंधराशे-आठशेचं अप्रूप टीव्हीवर फारसं दिसत नाही. दिसतं ते पहाटे रस्त्यावर. पोलीस भरतीच्या मैदानी परीक्षेत मुलांना सोळाशे मीटर धावावं लागतं, मुलींना आठशे. सोळाशेला पाच मिनिटं दहा सेकंद किंवा कमी लागले तर वीसपैकी वीस गुण, आठशेला दोन मिनिटं पन्नास सेकंद. बीड, सातारा, नाशिक, कुठल्याही जिल्ह्यात पाच वाजता बाहेर पडा, डांबरी रस्त्याच्या कडेने पोरं-पोरी सोळाशे-आठशे मारताना दिसतील. ‘सोळाशे कितीत?’ हा तिथला पहिला प्रश्न. सोळाशे म्हणजे नऊ मीटर कमी असलेला मैलच. बॅनिस्टरची फेरी साठची, यांना साडेसत्त्याहत्तरची पुरते. पण तिसरी फेरी तिसरीच असते. तिथे पोरगं एकटं असतं आणि गुण जातात ते तिथे.

बीड जिल्ह्यातल्या मांडव्याचा अविनाश साबळे लष्करात जाऊन तीन हजार मीटर स्टीपलचेसकडे वळला. २०१८ मध्ये त्याने सदतीस वर्षं जुना राष्ट्रीय विक्रम ८:२९.८० ने मोडला. तेव्हापासून तो विक्रम त्याने स्वतःच पुन्हापुन्हा खाली आणला, २०२४ मध्ये पॅरिसला ८:०९.९१ पर्यंत. तोक्यो ऑलिम्पिकमध्ये त्याने राष्ट्रीय विक्रम केला आणि तरी त्याला अंतिम शर्यत गाठता आली नाही. २०२२ च्या राष्ट्रकुल स्पर्धेत तर सुवर्ण पाच शतांश सेकंदांनी गेलं. त्या वेगात पाच शतांश म्हणजे शाळेतल्या पट्टीएवढं, एक फूट अंतर. सहा वर्षांत वीस सेकंद उतरवणाऱ्या माणसाचं एक फूट राहिलं. केनियाचं तीन हजार स्टीपलचेसमधलं वर्चस्व किती जुनं आहे हे माहीत असणाऱ्याला त्या रुपेरी पदकाची किंमत सांगावी लागत नाही.

एक विनंती करतो. तुमच्या गावात सोळाशे मारणारी पोरं असतील, तर कधी पहाटे उठून जा. शेवटच्या रेषेवर उभं राहून टाळ्या वाजवायला बरेच जण असतात. तुम्ही दुसरी फेरी संपते तिथे उभे राहा आणि त्यांना त्यांची वेळ मोठ्याने ओरडून सांगा. दोन मिनिटं चाळीस असेल तर दोन चाळीसच सांगा, ‘शाब्बास’ नको. वेग गळतोय हे त्यांना आतून ऐकू येत नसतं.